चोल कांस्यमूर्ती : संग्रह आणि संग्रहालये

तमिळनाडूत चोल राजवटीच्या काळात, साधारण नवव्या ते तेराव्या शतकांत, देवळांच्या उत्सवांसाठी ओतलेल्या धातुमूर्तींना चोल कांस्यमूर्ती म्हणतात. लंडन, पॅरिस, न्यूयॉर्क, झुरिक अशा शहरांतल्या आशियाई कलासंग्रहांत त्यांना मानाची जागा आहे. आशियाई कलावस्तू घरापासून कशा तुटल्या, संग्रहालयात जाऊन त्यांचे काय झाले आणि त्यांच्यावरून खटले का उभे राहिले, हे या मूर्तींच्या प्रवासात फार स्पष्ट दिसते.

गाभाऱ्यातली मुख्य मूर्ती दगडाची आणि अचल असते. कांस्याची उत्सवमूर्ती चल असते. ठरलेल्या दिवशी ती पालखीतून किंवा रथातून गावात फिरते. तिच्या बैठकीला कड्या किंवा भोके ठेवलेली असतात. त्यांतून दांडे घालून ती उचलतात व बांधतात. पद्मपीठाच्या (कमळाच्या आकाराच्या बैठकीच्या) कडेला असलेल्या खाचा प्रभावळ बसवण्यासाठी असतात. देवळात ही मूर्ती रेशमी वस्त्रे, दागिने आणि हार यांनी इतकी झाकलेली असते की भाविकाला मुख्यतः मुख आणि हात दिसतात. खांद्यापासून कमरेपर्यंतची जी वळणदार रेषा कलासमीक्षकांनी नावाजली, ती देवळात अभिषेकाच्या वेळीच उघडी पडते. काचेमागची उघडी मूर्ती आणि मिरवणुकीतली सजलेली मूर्ती यांतला हा फरक दालनातल्या पाटीवर लिहायलाच हवा. बऱ्याच ठिकाणी तो लिहिलेला नसतो.

ओतकाम. या मूर्ती मेण वितळवून काढण्याच्या पद्धतीने (मधूच्छिष्ट विधान) घडवतात. कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याच्या बाराव्या शतकातल्या ‘मानसोल्लास’ या ग्रंथात ही कृती दिलेली आहे. आधी मेणाची पूर्ण मूर्ती करायची, तिला मेणाच्या नळ्या जोडायच्या आणि वर मातीचे तीन लेप द्यायचे. माती दगडावर बारीक वाटलेली असते. तिच्यात जळालेला कोंडा, बारीक कातरलेला कापूस आणि थोडे मीठ मिसळतात. पहिला लेप पातळ देऊन सावलीत वाळवतात, दुसरा दोन दिवसांनी देतात, तिसरा जाड असतो. मेण आधीच तोलून ठेवतात, कारण धातू किती लागेल ते त्यावरून ठरते : पितळ-तांब्यासाठी मेणाच्या आठ पट, चांदीसाठी बारा पट, सोन्यासाठी सोळा पट. साचा तापवला की मेण वाहून जाते आणि त्या पोकळीत वितळलेल्या धातूचा रस ओततात. लेप नीट वाळला नसेल तर वाफ धरून साचा फुटतो. साचा पुरेसा गरम नसेल तर रस बोटांच्या टोकांपर्यंत पोचण्याआधीच थिजतो. मूर्ती बाहेर काढायला साचा फोडावाच लागतो, म्हणून प्रत्येक ओतीव मूर्ती एकुलती एक असते. कावेरीकाठच्या स्वामीमलै गावातले स्थपती (मूर्तिकार) आजही नदीच्या गाळाची माती वापरून असेच काम करतात.

चोल मूर्ती सहसा भरीव असतात. त्यात तांबे बहुतांश, बाकी कथील आणि शिसे. भरीवपणाचा एक परिणाम तज्ज्ञांना फार अडचणीचा जातो. आत मातीचा गाभा नसल्याने भाजलेल्या मातीचे वय काढणारी थर्मोल्युमिनेसन्स चाचणी येथे चालत नाही. त्यामुळे काळ ठरवताना शैली, बैठकीवरचा लेख, धातूचे पृथक्करण आणि शिशाच्या समस्थानिकांचे (एकाच मूलद्रव्याच्या वेगवेगळ्या वजनाच्या अणूंचे) प्रमाण यांवर भिस्त ठेवावी लागते. हातात धरायच्या क्ष-किरण यंत्राने घेतलेले माप पृष्ठभागाचे असते. वर कळकाचा (धातूवर चढणाऱ्या हिरवट गंजाचा) थर असेल तर ते आतल्या मिश्रधातूशी जुळत नाही, आणि केवळ त्याच आकड्यांवर विसंबून काढलेला निष्कर्ष चुकतो.

जमिनीतून वर. १३१०-११ मध्ये दिल्लीच्या अलाउद्दीन खिलजीचा सेनापती मलिक काफूर याची स्वारी दक्षिणेत पोचली. त्या धामधुमीच्या काळात पुजाऱ्यांनी अनेक ठिकाणी मूर्ती देवळाच्या आवारात किंवा शेजारी पुरून ठेवल्या. ज्यांना जागा ठाऊक होती ती माणसे गेली आणि मूर्ती तशाच राहिल्या. विहीर खणताना, शेत नांगरताना त्या अजूनही निघतात. १८७८ च्या भूमिगत निधी कायद्याप्रमाणे दहा रुपयांहून जास्त किमतीची वस्तू जमिनीत सापडली तर जिल्हाधिकाऱ्यांना कळवणे बंधनकारक आहे. चेन्नईचे सरकारी संग्रहालय (स्थापना १८५१) आणि तंजावरच्या राजवाड्यातले कलादालन (१९५१) यांचे कांस्यसंग्रह अशा निधींतूनही वाढले.

तंजावरचा तो राजवाडा नायकांनी बांधला आणि भोसले घराण्याने वाढवला. तिथली तिरुवेंकाडू येथील वृषवाहन शिवाची मूर्ती सावकाश पाहावी. शिव दोन हातांचा आहे. एक पाय दुसऱ्यावरून तिरका टाकून तो सैल उभा आहे. जटा पागोट्यासारख्या गुंडाळलेल्या आहेत आणि वेढ्यांत साप आहेत. एक हात वाकवून कशावर तरी टेकल्यासारखा धरला आहे, पण त्याखाली काही नाही. तिथे नंदी होता. तो हरवला, आणि धातूचा हात आजही मोकळ्या हवेत विसावलेला आहे. तिरुवेंकाडूच्या देवळातल्या शिलालेखांवरून ही मूर्ती १०११ सालची आणि शेजारची पार्वती पुढच्या वर्षीची ठरते. मूर्ती, गाव आणि शिलालेख एकत्र राहिले म्हणूनच इतकी नेमकी तारीख देता आली. हीच मूर्ती तस्कराच्या हातून गेली असती तर पाटीवर ‘दक्षिण भारत, अकरावे शतक’ एवढेच लिहून थांबावे लागले असते.

परदेशातले संग्रह. एमिल गिमे याने लिओं येथे १८७९ मध्ये उघडलेले संग्रहालय १८८९ मध्ये पॅरिसला गेले. त्याचा भर आशियातल्या धर्मांवर होता. लंडनमध्ये ईस्ट इंडिया कंपनीचा संग्रह १८७९ मध्ये विभागला गेला आणि साउथ केन्सिंग्टनचे संग्रहालय (आजचे व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट) व ब्रिटिश म्युझियम यांच्याकडे गेला. भारतीय वस्तू तेव्हा मुख्यतः कारागिरीचे नमुने म्हणून मांडल्या जात. आनंद कुमारस्वामी १९१७ मध्ये बोस्टनच्या ललितकला संग्रहालयात भारतीय विभाग सांभाळू लागले आणि त्यांच्या लेखनातून या वस्तूंना कला म्हणून वाचण्याची शिस्त आली. फ्रेंच शिल्पकार रोदँने चेन्नईतल्या नटराजाची छायाचित्रे पाहून लिहिलेला लेख १९२१ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यानंतर नटराज ही संग्राहकांची हवीशी वस्तू झाली. मागणी वाढली आणि तिने देवळांपर्यंत वाट काढली.

मालकीचा माग. मूर्ती भारताबाहेर कधी गेली हा पहिला प्रश्न. १९४७ च्या कायद्याने पुरावस्तूंच्या निर्यातीला परवाना लागू लागला. सांस्कृतिक वस्तूंच्या बेकायदा व्यापाराविरुद्धचा युनेस्कोचा करार १९७० चा आहे. भारताचा पुरावस्तू व कलानिधी अधिनियम १९७२ मध्ये मंजूर झाला आणि ५ एप्रिल १९७६ पासून अमलात आला. त्यानुसार शंभर वर्षांहून जुनी मूर्ती खाजगी व्यक्तीला निर्यात करता येत नाही, आणि घरात असेल तर तिची नोंदणी करावी लागते. म्हणून कागदांत ‘जुन्या युरोपीय संग्रहातून, १९७० पूर्वी’ असे मोघम वाक्य दिसले की सावध व्हावे. खऱ्या मागात नाव, बंदर, पावती, जहाजाची कागदपत्रे असे काहीतरी पकडता येण्यासारखे असते.

तमिळनाडूतल्या शिवपुरमचा नटराज १९५४ मध्ये दुरुस्तीसाठी देवळाबाहेर गेला. परत आली ती नक्कल. अस्सल मूर्ती हातोहात अमेरिकेत नॉर्टन सायमन यांच्या संग्रहात पोचली. भारत सरकारबरोबर १९७६ मध्ये झालेल्या तडजोडीत ती दहा वर्षे तिथे ठेवायची ठरली आणि १९८६ मध्ये ती भारतात परतली. पत्तूरचा नटराज १९७६ मध्ये एका मजुराला खणताना सापडला आणि लंडनपर्यंत गेला. तिथल्या खटल्यात देवळाच्या वतीने दावा चालला. मूर्तीला चिकटलेली माती, धातू आणि वाळवीच्या खुणा पुराव्यात आल्या आणि १९९१ मध्ये मूर्ती परत मिळाली. श्रीपुरंदनचा नटराज ऑस्ट्रेलियाच्या राष्ट्रीय कलादालनाने २००८ मध्ये सुमारे ५० लाख अमेरिकन डॉलरना घेतला आणि २०१४ मध्ये परत केला. येथे निर्णायक ठरली ती पुदुच्चेरीच्या फ्रेंच संस्थेची जुनी छायाचित्रे. १९५६ पासून त्या संस्थेने देवळांतल्या मूर्तींची दीड लाखाहून अधिक छायाचित्रे जमवली आहेत. ज्या गावात कोणी छायाचित्र काढले नाही, त्या गावाची चोरी सिद्ध करणे फार अवघड जाते.

छायाचित्रे जुळवताना सौंदर्य उपयोगी पडत नाही, दोष पडतात. ओतताना राहिलेला खड्डा, प्रभावळीतली तुटलेली ज्वाळा, झिजलेले नाक, वाकलेले बोट यांकडे नक्कल करणाराही लक्ष देत नाही. म्हणून देवळातल्या मूर्तीची नोंद करताना चारही बाजू, डोक्याची वरची बाजू आणि बैठकीचा तळ असे किमान सहा फोटो मोजपट्टी शेजारी ठेवून काढावेत. उंची पीठासह आणि पीठाविना अशी दोनदा लिहावी. वजन घ्यावे आणि प्रत्येक दोषाचा जवळून वेगळा फोटो ठेवावा. एक प्रत गावाबाहेर असावी, कारण मूर्तीबरोबर वहीही नाहीशी होऊ शकते.

निगा. जमिनीत राहिलेल्या धातूत क्लोराइडचे क्षार मुरलेले असतात. हवेतली आर्द्रता वाढली की ते जागे होतात आणि धातू खाऊ लागतात. याला ब्राँझ रोग म्हणतात. जुना कळक गडद हिरवा, घट्ट आणि गुळगुळीत असतो. रोगाचा ठिपका फिकट हिरवा असून बोट लावले की भुकटी होतो. शंका असल्यास मूर्तीखाली काळा कागद ठेवावा. दोन-चार दिवसांत त्यावर हिरवी पूड पडली तर रोग चालू आहे. अशी मूर्ती इतरांपासून वेगळी, ४० टक्क्यांहून कमी आर्द्रतेच्या बंद पेटीत सिलिका जेलसह ठेवतात. भुकटी यांत्रिक रीतीने काढून, बेन्झोट्रायझोल या गंज रोखणाऱ्या रसायनाच्या अल्कोहोलमधल्या ३ टक्के द्रावणाने उपचार करतात. हे रसायन विषारी आहे आणि ते प्रयोगशाळेतच हाताळायचे असते. चेन्नईच्या संग्रहालयात १९३० मध्ये सुरू झालेल्या प्रयोगशाळेत एस. परमशिवन यांनी विद्युत्‌विच्छेदनाने (द्रावणातून वीज सोडून गंज काढण्याच्या पद्धतीने) असंख्य मूर्ती वाचवल्या. चिंच, लिंबू किंवा पितांबरीने घासणे हा घरचा उपाय येथे घातक आहे. आम्लाने कळकाबरोबर कोरीव रेषाही जातात आणि उरलेले क्षार आणखी आत ढकलले जातात.

परत आलेल्या सगळ्याच मूर्तींना देऊळ मिळत नाही. लहान गावांत कुलूप-पहारा नसल्याने तमिळनाडूत त्या तिरुवारूरसारख्या मूर्ती सुरक्षा केंद्रांत ठेवतात. तिथे शेकडो मूर्ती दाटीने उभ्या असतात. एकीला रोग झाला तर तो लवकर दिसावा, यासाठी मूर्तींमध्ये हात फिरेल एवढे अंतर, पायाखाली लाकडी फळी आणि दर पावसाळ्यानंतर एकेक मूर्ती वळवून केलेली तपासणी, एवढे तरी लागते.