सिगप्पु रोजाक्कळ आणि मूडु पनी: पडद्यावरचे दोन खुनी आणि एक मुंबईचा

‘तो कमल हासनचा जुना तमिळ सिनेमा बघ, बायकांचे खून करतो त्यात, सगळीकडे धुकं, आणि ते गिटारचं गाणं!’ जुन्या दाक्षिणात्य सिनेमांच्या गप्पा रंगल्या की असं वाक्य हमखास कानावर येतं. बोलणाऱ्याने दोन सिनेमे एकाच पातेल्यात ढवळलेले असतात. कमल हासन खुनी आहे तो ‘सिगप्पु रोजाक्कळ’, १९७८ चा. धुकं आणि गिटार ‘मूडु पनी’तलं, १९८० चं, आणि तिथे कमल हासन औषधालाही नाही. तिथला खुनी प्रताप पोथन.

गोंधळ होतो यात नवल नाही. दोन्हींना संगीत इळयराजांचं. दोन्हींत नीटनेटका, हळू बोलणारा, सुस्थितीतला तरुण, ज्याच्या मनात लहानपणापासून बायकांविषयी विष भिनलंय. दोन्हींत एक मुलगी त्याच्या घरात अडकते. त्यात आपल्याकडच्या प्रेक्षकाची आणखी एक अडचण. ‘सदमा’ आपण सगळ्यांनी पाहिलेला. तो बालू महेंद्रांनी स्वतःच्याच ‘मून्ड्राम पिरै’वरून केला, त्यात कमल हासन आणि श्रीदेवी. ‘मूडु पनी’ही बालू महेंद्रांचाच. मग कमल-श्रीदेवीचा खुनाचा सिनेमाही त्यांचाच असणार, असं डोकं परस्पर ठरवून टाकतं. प्रत्यक्षात ‘सिगप्पु रोजाक्कळ’ भारतीराजांचा आहे.

नावं समजून घेतली तरी अर्धं काम होतं. सिगप्पु म्हणजे लाल, रोजा म्हणजे गुलाब, शेवटचा ‘कळ’ अनेकवचनाचा. लाल गुलाब. (तो शेवटचा ळ आपल्याकडे आहे, तेव्हा हिंदीवाल्यांसारखं ‘रोजाक्कल’ लिहायची गरज नाही.) मूडु पनी म्हणजे सगळं झाकून टाकणारं धुकं. एक नाव जमिनीत काय पुरलंय ते सांगतं, दुसरं डोळ्यांपुढे काय दाटलंय ते.

इथून पुढे दोन्ही कथा फोडल्या आहेत. पाहायचे असतील तर आधी पाहून या.

भारतीराजांचे पहिले दोन सिनेमे, ‘पदिनारु वयदिनिले’ आणि ‘किळक्के पोगुम रयिल’, अस्सल खेड्यातले. पहिल्याचा हिंदी अवतार ‘सोलवां सावन’, अमोल पालेकर आणि श्रीदेवीचा. हा माणूस खेड्याबाहेर पडूच शकत नाही अशी कुजबुज सुरू झाल्यावर त्यांनी तिसरा सिनेमा थेट शहरी केला: बंगला, मोटार, कारखानदार नायक. संवाद के. भाग्यराज यांचे. दिलीप बायकांना गोड बोलून घरी आणतो, मारतो आणि बागेत पुरतो. वर गुलाब फुलतात. घरात एक काळं मांजर फिरतं. आणि एका खोलीत त्याला दत्तक घेतलेला बाप बसलेला असतो, खुनांच्या चित्रफिती बघत. पुढे विनोदासाठी गाजलेल्या गौंडमणींनी हा बाप केलाय. त्यांचे विनोदी सिनेमे आधी पाहिलेल्याला पोटात गोळा येतो. कापडाच्या दुकानात काम करणारी शारदा दिलीपशी लग्न करून या घरात येते आणि हळूहळू एकेक दार उघडत जाते. श्रीदेवी तेव्हा पंधरा वर्षांची होती. ते कळल्यावर शेवटची पळापळ आणखीच अस्वस्थ करते.

सिनेमा धाडसी आहे, पण मला त्याची एक गोष्ट खटकते. दिलीप असा का झाला, हे सांगताना पोरक्या मुलावर खोटा आळ घेणारी मुलगी आणि नवऱ्याला फसवणारी बायको पुढे केली जाते. म्हणजे मारणारा पुरुष, आणि हिशेब पुन्हा बायकांच्याच खात्यावर. भारतीराजा आपल्याला त्या रागापासून नीट दूर उभं करत नाहीत. कमल हासनचं देखणेपण आणि ‘निनैवो ओरु परवै’ हे त्याने एस. जानकींबरोबर गायलेलं गाणं, दोन्ही आपल्याला खुन्याच्या बाजूला ओढत राहतात.

‘मूडु पनी’त हा मोह कमी आहे. बालू महेंद्रा मुळात छायाचित्रकार, आणि इथे कॅमेराही त्यांच्याच हातात. त्यांचा चंद्रू बंगळुरूमध्ये वेश्यांचे खून करतो, कारण एका वेश्येच्या नादाला लागलेल्या बापाने आईचा छळ केलेला त्याने पाहिलाय. रेखा त्याला आईसारखी वाटते. म्हणून तिला मारायचं नाही, तिच्याशी लग्न करायचं. तो तिला पळवून उटीला नेतो. पुढचा बराचसा सिनेमा एका घरात दोनच माणसं, बाहेर धुकं आणि मधे शांतता. गाणी मोजकी. पण ‘एन इनिय पोन निलावे’ सुरू होतं, येसुदासांचा आवाज आणि ती गिटार, आणि क्षणभर आपण विसरतो की हे पळवून आणलेल्या मुलीचं घर आहे. इळयराजांचा हा शंभरावा सिनेमा.

आता मूळ प्रश्न, ज्यामुळे हे सिनेमे पुन्हा पुन्हा चर्चेत येतात: यातला ‘सत्य घटनेवरचा’ कोणता? ‘सिगप्पु रोजाक्कळ’बद्दल सगळीकडे लिहिलेलं आढळतं की प्रेरणा मुंबईचा खुनी रामन राघव याची. ‘मूडु पनी’चा आधार मात्र राजेंद्रकुमार यांची तमिळ कादंबरी, आणि त्यावर सावली हिचकॉकच्या ‘सायको’ची. म्हणजे एक खरा, एक कल्पित. कागदावर हिशेब असाच लागतो.

पण रामन राघवची केस समोर ठेवून बघा. साठच्या दशकात मुंबईत तो रात्री फिरायचा. त्याचे बळी फूटपाथवर, झोपड्यांत झोपलेले गरीब लोक: पुरुष, बायका, मुलं, कोणीही. हत्यार लोखंडी आणि बोथट, घाव डोक्यावर. ओळख नाही, गोड बोलणं नाही, बंगला तर नाहीच. तो स्वतःच बेघर. ऑगस्ट १९६८ मध्ये उपनिरीक्षक अ‍ॅलेक्स फियाल्हो यांनी त्याला पकडलं. गुन्हे शाखेची सूत्रं तेव्हा रमाकांत कुलकर्णींकडे होती. राघव आधी तोंडच उघडेना. काय हवं विचारलं तर कोंबडी मागितली, पोट भरल्यावर बोलायला लागला, असा किस्सा प्रसिद्ध आहे. त्याने ४१ खुनांची कबुली दिली. फाशी झाली, पण उच्च न्यायालयाने नेमलेल्या मानसोपचारतज्ज्ञांना त्याचा आजार बरा होण्यासारखा वाटला नाही आणि शिक्षा जन्मठेपेवर आली. येरवड्यात राहिला, १९९५ मध्ये पुण्याच्या ससूनमध्ये वारला.

यातलं ‘सिगप्पु रोजाक्कळ’मध्ये काय आलं? एक वेडा, आणि बरेच खून. बाकी सगळं भारतीराजांचं. रामन राघवच्या गोष्टीतली खरी भीती होती उघड्यावर झोपावं लागण्याची. सिनेमाने ती काढून टाकली आणि जागी बंद खोल्यांचा बंगला आणला.

उलट ‘कल्पित’ म्हणून बाजूला सारलेल्या ‘मूडु पनी’ची वाट उलगडत जा. हिचकॉकचा ‘सायको’ रॉबर्ट ब्लॉकच्या कादंबरीवरचा, आणि त्या कादंबरीमागे अमेरिकेतल्या विस्कॉन्सिनची एड गीनची केस, १९५७ ची. मेलेल्या आईच्या पकडीतून न सुटलेला मुलगा हे त्या केसचं मर्म. कादंबरी, हॉलिवूड, मग मद्रास, एवढा प्रवास करूनही ते शाबूत राहिलं: चंद्रू रेखात आईच शोधतोय. म्हणजे ज्या सिनेमावर ‘सत्य घटना’ हा शिक्का नाही, त्यात एका खऱ्या केसचा गाभा जास्त उरलाय. शिक्का बघून सिनेमा निवडणाऱ्यांनी याचा जरूर विचार करावा.

‘सिगप्पु रोजाक्कळ’ पुढे मुंबईतही आला, ‘रेड रोझ’ नावाने, १९८० मध्ये. दिग्दर्शक भारतीराजाच, खुनी राजेश खन्ना, बायको पूनम ढिल्लों. म्हणजे मुंबईची केस मद्रासला गेली, तिथे सुटाबुटात नटली आणि हिंदी बोलत घरी परतली. तिकीट काढून बसलेल्यांपैकी कितीजणांना बारा वर्षांपूर्वीच्या त्या रात्री आठवल्या असतील? मला वाटतं, फारशा कोणाला नाही.

‘मूडु पनी’ला असा परतीचा प्रवास नाही. त्याच्यापाशी शोभा आहे, रेखा साकारणारी नटी. ‘पसी’साठी राष्ट्रीय पुरस्कार मिळवलेली ही मुलगी १ मे १९८० ला गेली, वय सतरा. सिनेमा त्यानंतर, त्याच वर्षी लागला. पहिल्या दिवशी थिएटरात बसलेल्यांना ठाऊक होतं की चंद्रू जिला धुक्यात कोंडून ठेवतोय, ती आता नाही.