अभिनेत्री दिग्दर्शक होते तेव्हा: कोल्हापुरातून मागे पाहताना

'धग'साठी २०१२ चा सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार आणि २०१९ च्या इफ्फीत (गोव्यात भरणाऱ्या भारताच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात) 'माई घाट'साठी सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचाच पुरस्कार मिळवणाऱ्या उषा जाधव मूळच्या कोल्हापूरच्या. अशी एखादी अभिनेत्री परदेशी महोत्सवांतून, परदेशी चित्रपटांतून फिरू लागली की आज पुढचा प्रश्न ठरलेला असतो: स्वतः लिहिणार कधी, दिग्दर्शन करणार कधी? शंभर वर्षांपूर्वी हा प्रश्न कुणाच्या डोक्यातही आला नसता.

तेव्हाचा प्रश्न बाई पडद्यावर येणार का, एवढाच होता. फाळक्यांच्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये १९१३ साली दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई झळकल्या होत्या, पण त्यानंतरही पुरुषांनी लुगडी नेसणं थांबलं नव्हतं. बाबूराव पेंटरांनी आपल्या कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या 'सैरंध्री'त (१९२०) गुलाबबाई आणि अनसूयाबाई यांना उभं केलं, तेही कमलादेवी आणि सुशीलादेवी अशी नवी नावं देऊन.

कॅमेऱ्यामागचं जग मात्र तालमीसारखं होतं. वस्ताद बाबूराव, आणि त्यांच्या हाताखाली पडदे रंगवत, सेट ठोकत, पडेल ते काम करत तयार झालेले दामले, फत्तेलाल, शांताराम. १९२९ साली 'प्रभात' ही चित्रपट कंपनी काढली ती याच मंडळींनी. दिग्दर्शन शिकायचं तर आधी या उमेदवारीत शिरावं लागे, आणि तिथे बाईला दारच नव्हतं. कोल्हापूरच्या स्टुडिओंनी इतक्या नायिका घडवल्या, त्यांतून दिग्दर्शिका का निघाल्या नाहीत, याचं कारण मला प्रतिभेपेक्षा या व्यवस्थेतच दिसतं. मुंबईत फातमा बेगम यांनी १९२६ मध्येच चित्रपट दिग्दर्शित केला होता, पण त्यांच्याकडे स्वतःची कंपनी होती!

दुर्गा खोटे यांचा प्रवास म्हणूनच मोलाचा. १९३२ चा 'अयोध्येचा राजा' कोल्हापुरातच झाला. तारामतीच्या भूमिकेने त्यांचं नाव झालं. पुढच्याच वर्षी प्रभातने पुण्याला बस्तान हलवलं, पण दुर्गाबाई कुठल्याही एका कंपनीला बांधून राहिल्या नाहीत. निर्माते मर्चंट आणि दिग्दर्शक आयव्हरी या जोडीच्या पहिल्याच चित्रपटात, 'द हाउसहोल्डर'मध्ये (१९६३), त्या इंग्रजीत दिसल्या. स्वतःची निर्मितीसंस्था काढली. 'वागले की दुनिया' ही मालिका त्याच संस्थेची. आणि लिहिलं ते आत्मचरित्र, 'मी, दुर्गा खोटे'. त्या पिढीची लेखणी बहुधा तिथवरच पोचली. शांता आपट्यांनी १९४० मध्ये 'जाऊ मी सिनेमात?' लिहिलं, लीला चिटणिसांनी 'चंदेरी दुनियेत'. लीलाबाईंनी 'आज की बात' (१९५५) दिग्दर्शितही केला. असे अपवाद मोजकेच.

स्टुडिओ कोसळले तसं चित्र बदललं. महोत्सव, परदेशी निधी, सहनिर्मिती या सगळ्यात पहिल्यांदा मागतात ती लिहिलेली संहिता. हाताखाली किती वर्षं काढली हे तिथे कुणी विचारत नाही, आणि महोत्सवातला ओळखीचा चेहरा कामाला येतो. नंदिता दास यांचंच पाहा. 'फायर' आणि '१९४७: अर्थ'मुळे जगभर ओळख, २००५ मध्ये कान महोत्सवाच्या परीक्षक मंडळात जागा. मग 'फिराक' (२००८), आणि स्वतः लिहून दिग्दर्शित केलेला 'मंटो' २०१८ मध्ये कानलाच. मधल्या काळात त्यांनी मराठीतही काम केलं, २००६ च्या 'माती माय'मध्ये. त्याच्या दिग्दर्शिका चित्रा पालेकर, म्हणजे त्याही रंगभूमीवरच्या अभिनेत्रीच.

मराठीतल्या बाकीच्या बहुतेकींना मात्र हा आंतरराष्ट्रीय मार्ग लाभला नाही. स्मिता तळवलकर आणि मृणाल कुलकर्णी दूरदर्शन आणि मालिकांच्या वाटेने दिग्दर्शनापर्यंत आल्या. रेणुका शहाणे यांनी आधी आई शांता गोखले यांच्या 'रीटा वेलिणकर' कादंबरीवर 'रीटा' (२००९) केला. स्वतःच्या कथेवरचा 'त्रिभंग' यायला २०२१ उजाडलं, आणि तो आला थेट नेटफ्लिक्सवर.