पुनर्विलोकन (सेवाविषयक निकालांचे)

निकाल देणाऱ्या न्यायालयाने किंवा न्यायाधिकरणाने स्वतःचाच निकाल पुन्हा तपासावा, यासाठी केलेला अर्ज. वकिलांच्या बोलीत ‘रिव्ह्यू’. अपील व पुनरीक्षण (रिव्हिजन) वरच्या न्यायालयापुढे चालतात. येथे चूक करणाऱ्यालाच ती दाखवायची असते.

आधार : दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८, कलम ११४ व आदेश ४७. कारणे तीन : योग्य ती खटपट करूनही पूर्वी हाती न आलेला महत्त्वाचा पुरावा, अभिलेखावर (प्रकरणाच्या कागदपत्रांत) उघड दिसणारी चूक, आणि ‘अन्य पुरेसे कारण’. तिसऱ्या कारणाच्या व्याप्तीवर बराच खल झाला आहे. छज्जूराम वि. नेकी (१९२२) मध्ये प्रिव्ही कौन्सिलने (ब्रिटिश काळातील अंतिम अपील न्यायालयाने) हे कारण पहिल्या दोन कारणांच्या जातीचेच असावे, असे ठरवले व सर्वोच्च न्यायालयाने १९५४ मध्ये तेच उचलले. २००५ मधील क्रिकेट नियामक मंडळाच्या प्रकरणात व्याप्ती थोडी सैल झालेली दिसते. सेवाविषयक प्रकरणांत मात्र अजितकुमार रथ (१९९९) व कमल सेनगुप्ता (२००८) या निवाड्यांतील अरुंद अर्थच व्यवहारात टिकला आहे. वरिष्ठ न्यायालयाने नंतर कायद्याचा वेगळा अर्थ लावला, हे कारण चालत नाही.

शासकीय कर्मचाऱ्यांच्या बाबतीत प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५, कलम २२(३)(फ) हा अधिकार देते. केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणात आदेशाची प्रत मिळाल्यापासून ३० दिवसांत, शपथपत्रासह अर्ज करावा लागतो. तो बहुधा त्याच पीठाकडे जातो आणि तोंडी युक्तिवादाशिवाय, सदस्यांमध्ये कागद फिरवूनच निकाली निघतो. म्हणून सर्व मांडणी अर्जातच हवी. उशीर माफ करता येतो का, यावर उच्च न्यायालयांत एकमत झालेले नाही. मुदत पाळणे हाच शहाणपणा. नुसता अर्ज केल्याने मूळ आदेशाला स्थगिती मिळत नाही.

बहुतेक अर्ज दोन ठिकाणी अडतात. पहिले, जुनाच युक्तिवाद नव्या शब्दांत. चूक दाखवायला लांबलचक तर्क करावा लागत असेल, तर ती उघड चूक नव्हे. दुसरे, निकालानंतर माहिती अधिकारात मिळवलेला सेवापुस्तकाचा उतारा. माहिती अधिकाराचा अर्ज प्रकरण चालू असतानाच का केला नाही, याचे उत्तर लागते. ज्येष्ठता यादीतील तारीख न्यायालयासमोर असूनही निकालात दुसरीच धरली गेली, तर बाजू भक्कम. तारखेचा निव्वळ लेखनदोष असेल, तर दुरुस्तीचा साधा अर्ज पुरतो.

कामगार न्यायालयांचे तसे नाही. औद्योगिक विवाद अधिनियम, १९४७ मध्ये गुणदोषांवर पुनर्विलोकनाचा स्पष्ट अधिकार नव्हता. असा अधिकार कायद्यानेच द्यावा लागतो (पटेल नरशी ठाकरशी, १९७०). ग्रिंडलेज बँक (१९८०) प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने प्रक्रियात्मक पुनर्विलोकन वेगळे काढले : नोटीस न पोचता किंवा सबळ कारणाने पक्षकार गैरहजर असताना एकतर्फी निवाडा झाला, तर तो रद्द करता येतो. निवाडा प्रसिद्ध झाल्यापासून ३० दिवसांनी कामगार न्यायालयाचा हा अधिकार संपतो का, यावर सर्वोच्च न्यायालयाचे २००५ व २००९ चे निकाल परस्परविरोधी होते. २०१८ मध्ये तीन न्यायमूर्तींच्या पीठाने हरयाणा सूरज माल्टिंग प्रकरणात तो संपत नसल्याचा कौल दिला.

अर्ज फेटाळल्यास त्या आदेशाविरुद्ध अपील नाही, आणि दुसरा पुनर्विलोकन अर्जही नाही (आदेश ४७, नियम ७ व ९). न्यायाधिकरणाच्या मूळ आदेशाला उच्च न्यायालयात रिट याचिकेने आव्हान देता येते.