घोष, पन्नालाल

घोष, पन्नालाल (१९११–२० एप्रिल १९६०) : हिंदुस्थानी संगीतातील थोर बासरीवादक. बासरीवर ख्याल (रागदारी गायनाचा प्रमुख प्रकार) वाजवता येतो, विलंबित म्हणजे संथ लयीत एकच राग तासभर फुलवता येतो, हे त्यांनी आधी स्वतःच्या वाद्यावर सिद्ध केले आणि मग ते सगळ्यांना पटले. त्यांच्यापूर्वी बासरी लोकगीतांत, नाचाच्या साथीत, यात्रेजत्रेत ऐकू येई. सतार-सरोदाच्या पंक्तीत तिला पाट नव्हता.

त्यांचे खरे नाव अमलज्योती. जन्म बारिसालचा (आता बांगलादेशात). वडील सतार वाजवत, त्यामुळे घरात सूर होतेच. लहानपणी बासरीइतकाच तालमीचा नाद होता आणि मुष्टियुद्धही ते शिकले. कसलेल्या छातीचा हा माणूस पुढे लांब बासरीत दमसास भरू शकला, त्यामागे ही मेहनतही असणार. कोलकात्यात मूकपटांच्या आणि पुढे बोलपटांच्या वाद्यवृंदात ते वाजवू लागले. हार्मोनियमवादक खुशी महंमद खाँ हे त्यांचे पहिले गुरू. त्यांच्यानंतर गायक गिरिजाशंकर चक्रवर्ती, आणि १९४७ पासून मैहरचे सरोदवादक अल्लाउद्दीन खाँ. स्वतःचे नाव झालेले असताना पुन्हा शिष्य होऊन बसणे सोपे नसते, पन्नालालांनी ते केले. १९३८ मध्ये सरायकेलाच्या (आता झारखंडात) छाऊ या मुखवटानृत्याच्या नर्तकांबरोबर ते युरोपातही जाऊन आले.

त्यांचे सर्वांत मोठे काम मात्र वाद्यावरचे आहे. हातभर लांबीच्या बासरीचा आवाज उंच आणि बारीक. आलापाला लागणारा भारदस्त खर्ज, म्हणजे खालचा घुमारेदार सूर, तिच्यात नाही. निरनिराळ्या पदार्थांच्या नळ्या करून पाहिल्यावर ते बांबूवरच स्थिरावले आणि सुमारे ३२ इंच लांबीची, रुंद पोकळीची बासरी त्यांनी रूढ केली. असा बांबू सहज मिळत नाही. कांडे लांब हवे, पोकळी सरळ हवी. एवढ्या नळीवर छिद्रे इतकी लांब-लांब पडतात की बोटांच्या टोकांनी ती झाकली जात नाहीत. बोटे सपाट आडवी टाकून मधल्या पेरांनी ती दाबावी लागतात, आणि जरा फट राहिली की सूर फाटतो.

दुसरी अडचण रागाची. वरची तीन छिद्रे झाकली की षड्ज (सा), सहाही झाकली की मंद्र म्हणजे खालच्या सप्तकातला पंचम (प), आणि तिथेच वाट बंद. यमन रागात पंचमाखाली तीव्र मध्यमावर (चढ्या म वर) उतरायचे तर जागाच नाही. पन्नालालांनी खाली सातवे छिद्र पाडले, उजव्या करंगळीने झाकण्याचे. पंचमावरून तीव्र मध्यमावर अखंड घसरत जाणारी मींड त्यामुळे हातात आली. एका करंगळीच्या कामाने यमन, पूरिया, श्री यांसारखे राग बासरीवर मंद्रात मोकळे झाले.

१९४० मध्ये ते मुंबईत आले. बॉम्बे टॉकीजच्या ‘बसंत’ (१९४२) या चित्रपटाला त्यांनी संगीत दिले. त्यांच्या पत्नी पारुल घोष या पार्श्वगायिका, संगीतकार अनिल विश्वास यांच्या भगिनी. धाकटे बंधू निखिल घोष तबलावादक, मुंबईतील संगीत महाभारतीचे संस्थापक. ‘बसंत बहार’ (१९५६) मध्ये लता मंगेशकरांच्या ‘मैं पिया तेरी’ या गाण्यात ऐकू येते ती पन्नालालांची बासरी. ख्याल कधी न ऐकलेल्या माणसानेही हा सूर ऐकलेला असतो. त्याच वर्षी दिल्लीत आकाशवाणीच्या राष्ट्रीय वाद्यवृंदाची धुरा त्यांच्याकडे आली. दीपावली, चंद्रमौळी, नूपुरध्वनी हे त्यांचे स्वतःचे राग.

वादनात गायकीचा श्वास होता. अब्दुल करीम खाँ आणि फैयाज खाँ यांच्या गाण्याचा त्यांच्यावर प्रभाव. उपलब्ध ध्वनिमुद्रणांतला यमन किंवा दरबारी ऐकताना हे चटकन कळते: सूर लावून ते थांबतात, घाई करत नाहीत. नवी दिल्लीत हृदयविकाराने त्यांचे निधन झाले तेव्हा वय अवघे ४८ होते.

त्यांची परंपरा महाराष्ट्रातच जास्त रुजली. जावई देवेंद्र मुर्डेश्वर आणि व्ही. जी. कर्नाड हे प्रत्यक्ष शिष्य. मुर्डेश्वरांकडून ती मुंबईचे नित्यानंद हळदीपूर यांच्याकडे आली, आणि पुण्याचे केशव गिंडे हेही याच परंपरेतले. मोठी बासरी आज सर्वत्र दिसते, पण सातवे छिद्र सगळे वाजवत नाहीत. पन्नालालांच्या परंपरेतल्या वादकाच्या बासरीवर ते बहुधा असतेच, शेवटच्या छिद्राखाली करंगळीची वाट पाहत.