ग्रँट डफ, जेम्स

ग्रँट डफ, जेम्स : (८ जुलै १७८९ – २३ सप्टेंबर १८५८). ईस्ट इंडिया कंपनीचा लष्करी व राजकीय अधिकारी, साताऱ्याचा पहिला ब्रिटिश रेसिडेंट (दरबारातील कंपनीचा प्रतिनिधी) आणि मराठ्यांचा इतिहासकार. त्याचा जन्म स्कॉटलंडमधील बॅन्फ येथे झाला. हिंदुस्थानातील कारकिर्दीत तो कॅप्टन ग्रँट म्हणूनच ओळखला जाई. ‘डफ’ हे उपनाम त्याने मायदेशी परतल्यावर, आईच्या घराण्याची ईडन येथील जमीनजुमल्याची मालकी मिळाल्यावर, १८२५ च्या सुमारास धारण केले. म्हणून समकालीन कागदपत्रांत त्याचा शोध ‘ग्रँट’ या नावाखाली घ्यावा लागतो.

अ‍ॅबर्डीन येथील शिक्षणानंतर तो १८०५ मध्ये कॅडेट म्हणून मुंबईच्या फौजेत दाखल झाला. काठेवाडातील मालियाच्या गढीवरील हल्ल्यात (१८०८) त्याने नाव मिळविले, तसेच पलटणीत फार्सी दुभाष्याचे कामही केले. पुण्याचा रेसिडेंट मौंटस्ट्यूअर्ट एल्फिन्स्टन याने त्याला आपल्या मदतनिसांत घेतले. खडकीची लढाई (५ नोव्हेंबर १८१७) त्याने प्रत्यक्ष पाहिली होती, आणि गणेशखिंडीकडून दिसलेल्या पेशव्यांच्या घोडदळाला त्याने पुढे खंबायतच्या आखातात चढणाऱ्या भरतीच्या लोंढ्याची दिलेली उपमा त्याच्या एरवीच्या रुक्ष निवेदनात उठून दिसते.

पेशवाईच्या अस्तानंतर एप्रिल १८१८ मध्ये त्याची साताऱ्यास नेमणूक झाली. २५ सप्टेंबर १८१९ च्या तहाने छत्रपती प्रतापसिंहांकडे नीरा आणि वारणा-कृष्णा यांच्या दरम्यानचा, सह्याद्रीपासून पंढरपूरपर्यंतचा मुलूख आला. मात्र प्रत्यक्ष कारभार १८२२ पर्यंत ग्रँटच पाहत होता. औंध, भोर, फलटण, जत इ. जहागीरदारांशी १८२० मध्ये झालेले करार त्याच्याच हातून झाले. प्रतापसिंहांना कारभाराचे वळण लावण्याचे श्रेय त्याला सामान्यतः दिले जाते, ते बव्हंशी रास्त आहे. पण छत्रपतींची स्वतःची कर्तबगारी त्यामुळे झाकोळली जाऊ नये. अतिश्रमाने प्रकृती ढासळल्यामुळे तो मायदेशी परतला व त्याच्या जागी जॉन ब्रिग्झ आला.

मराठ्यांच्या इतिहासावरील त्याचा त्रिखंडात्मक इंग्रजी ग्रंथ १८२६ मध्ये प्रसिद्ध झाला. सभासद आणि चिटणीस यांच्या बखरी, फेरिश्ता व खाफीखान यांसारखे फार्सी लेखक, पेशव्यांचे दप्तर, कंपनीच्या सुरत व मुंबई येथील वखारींची कागदपत्रे, शिवाय साताऱ्याच्या राजघराण्याकडील साधने अशी सामग्री त्यापूर्वी कोणीही एकत्र केलेली नव्हती. कॅप्टन डेव्हिड केपन याने केलेले त्याचे मराठी भाषांतर सुमारे १८३० मध्ये मराठ्यांची बखर या नावाने निघाले, आणि शाळांतून शिकलेल्या पहिल्या पिढ्यांना आपला इतिहास मुख्यतः त्यातूनच कळला.

ग्रंथ पूर्ण झाल्यावर ग्रँटने अस्सल कागद जाळून टाकले, असा प्रवाद महाराष्ट्रात दीर्घकाळ प्रचलित होता. त्याला सबळ पुरावा दिसत नाही. अनेक कागदांच्या नकला आपण मुंबईच्या लिटररी सोसायटीकडे ठेवल्याचे ग्रँट तळटीपांत वारंवार नोंदवतो. त्या नकला पुढे शोधकांच्या हाती लागल्या नाहीत, आणि या संशयाला बहुधा तेथूनच बळ मिळाले असावे. पुण्यातील पेशवे दप्तर प्रचंड प्रमाणावर टिकून आहे, हेही सरसकट जाळपोळीच्या कल्पनेशी जुळत नाही. त्यामुळे कागद जाळले गेले यापेक्षा नकला हलगर्जीपणाने हरवल्या, हे मत अधिक ग्राह्य वाटते. मूळ कागद मालकांकडे परत गेले की नाहीत, हा प्रश्न मात्र प्रत्येक साधनापुरता वेगळा तपासावा लागतो.

ग्रंथावरील पहिली पद्धतशीर मराठी टीका नीळकंठ जनार्दन कीर्तने यांनी १८६७-६८ मध्ये केली. लढाया व राजकारण यांपलीकडे लोकस्थितीचे वर्णन नाही, हा त्यांचा आक्षेप आजही मान्य करावा लागतो. मराठ्यांच्या उदयाला ग्रँटने सह्याद्रीच्या रानातील वाळल्या गवताला लागलेल्या वणव्याची उपमा दिली होती. न्या. म. गो. रानडे यांनी १९०० मध्ये तिचा प्रतिवाद केला आणि त्या उदयामागे संतांची चळवळ व दीर्घ सामाजिक पूर्वतयारी होती, असे प्रतिपादिले. अफझलखान प्रकरणी ग्रँटने सर्व दोष शिवाजी महाराजांवर ठेवला, तोही पुढील संशोधकांनी नाकारला आहे. वि. का. राजवाडे यांच्यापासून मूळ पत्रे छापली जाऊ लागल्यावर ग्रंथातील अनेक सनावळ्या दुरुस्त झाल्या. तथापि घटनांची सलग मांडणी म्हणून त्याचा आधार अभ्यासक अद्याप घेतात.

उत्तरायुष्य त्याने ईडन येथील जमिनीच्या सुधारणेत घालविले. त्याचा मुलगा मौंटस्ट्यूअर्ट एल्फिन्स्टन ग्रँट डफ हा १८८१ ते १८८६ या काळात मद्रासचा गव्हर्नर होता. वडिलांनी आपल्या पुण्याच्या वरिष्ठाचेच नाव त्याला दिले होते.