मनीप्लांटचा शेंडा कापला की वेल खुंटते?

मनीप्लांटला कात्री लावू नका, शेंडा गेला की वेल खुंटते, हे इंदूरच्या मराठी घरांत वर्षानुवर्षं ऐकू येतं. घडतं ते उलट. शेंड्यात तयार होणारं ऑक्सिन हे वाढीचं संप्रेरक खालच्या डोळ्यांना, म्हणजे न फुटलेल्या कोंबांना, दाबून ठेवतं; शेंडा काढला की ते फुटतात. पण सगळे नाहीत, बहुधा कापाच्या लगेच खालचे एक-दोनच. त्यामुळे नुसत्या छाटणीनं कुंडी भरत नाही आणि गैरसमज पक्का होतो.

कात्री स्पिरिटनं पुसा. पान जिथून निघतं त्या गाठीच्या वर अर्धा-एक सेंटिमीटर सोडून कापा. कापलेल्या वेलीचे दोन-तीन गाठींचे तुकडे करा, खालचं पान काढा, ती गाठ पाण्यात बुडवा. पाणी आठवड्यातून एकदा तरी बदला. मुळं दोन इंच झाली की पाच-सहा तुकडे त्याच कुंडीत लावा. खरा दाटपणा यातून येतो! गाठीशिवायचं नुसतं पान मुळं धरेलही, पण त्याला कोंब येत नाही.

जून ते सप्टेंबर छाटा. डिसेंबर-जानेवारीच्या थंडीत फूट रेंगाळते. रसानं खाज सुटते, हात धुवा. तुकडे मांजर-कुत्र्यांपासून लांब ठेवा.