डावा, उजवा आणि डबी: इअरबड्सच्या चार्जिंगचा आकडा आला कुठून?

इअरबड्सच्या डबीचं झाकण उघडलं की फोनच्या पडद्यावर तीन आकडे येतात: डावा, उजवा आणि डबी. लोकल पकडायच्या आधी किंवा ऑफिसची मीटिंग सुरू व्हायच्या आधी आपण त्यांच्याकडे एक नजर टाकतो आणि कामाला लागतो. 'चार्जिंग किती आहे?' हा प्रश्न घराघरांत 'पाणी आलं का?' इतकाच सरावाचा झाला आहे. त्याचं उत्तर मात्र फार जुनं नाही. बिनतारी हेडसेट आल्यापासून हा आकडा बहुतेक फोनवर दिसू लागेपर्यंत दीड दशकाहून जास्त काळ गेला. त्यातली कितीतरी वर्षं निरोप उलट्या दिशेने जात होता. फोन आपलं चार्जिंग कानातल्या यंत्राला कळवायचा, पण त्या यंत्राला स्वतःचं चार्जिंग सांगायची सोयच नव्हती.

हे असं का झालं ते समजायला तारेपासून सुरुवात करावी लागते. १९१० च्या सुमारास अमेरिकेच्या यूटा राज्यात नॅथॅनिएल बाल्डविन यांनी हेडफोन तयार केले आणि ते अमेरिकी नौदलाने घेतले. तिथून पुढे अनेक दशकं कानाला लावायच्या या यंत्राला सहसा स्वतःची बॅटरी नसे. लागेल ती वीज तारेतून यायची. बॅटरी असायची ती रेडिओत, टेपमध्ये आणि १९७९ नंतर वॉकमनमध्ये. वॉकमनमधले पेन्सिल सेल उतरायला लागले की ते कळायला आकडा लागत नसे. मोटर मंदावायची, गाणं रेंगाळायचं, गायिकेचा आवाज हळूहळू पुरुषी वाटायला लागायचा. बऱ्याच मॉडेलवर एक लाल दिवा असे, तो फिका पडत जायचा. आमच्याकडे सेल वाचवायला कॅसेट पेनाने फिरवून मागे न्यायचो, आणि उतरलेले सेल काढून उन्हात ठेवायचो. ऊब मिळाली की सेलमधली रासायनिक क्रिया थोडा वेळ जोर धरते, तेवढ्यात अजून एखादं गाणं ऐकून व्हायचं.

म्हणजे तेव्हा चार्जिंग कानालाच कळत होतं. ब्लूटूथवर हे होत नाही. त्यावरून येणारा आवाज आकड्यांच्या रूपात येतो. बॅटरी ५० टक्के असो की ५, गाणं तसंच खणखणीत वाजतं आणि मग एका क्षणी बंद पडतं. उतरणीची चाहूल लागत नाही. म्हणून ती कुणीतरी सांगावी लागते.

ब्लूटूथचं काम स्वीडनच्या एरिक्सन कंपनीत १९९४ मध्ये सुरू झालं. १९९८ मध्ये एरिक्सन, नोकिया, आयबीएम, इंटेल आणि तोशिबा यांनी मिळून त्याचं मंडळ स्थापन केलं, आणि पुढच्याच वर्षी पहिला ब्लूटूथ हेडसेट लोकांसमोर आला. या हेडसेटसाठी जी पहिली नियमावली लिहिली गेली, तिला हेडसेट प्रोफाइल म्हणतात. तिच्यात हेडसेटने फोनला सांगायच्या गोष्टी दोनच होत्या: बटण दाबलं, आणि आवाज कमी-जास्त केला. चार्जिंगचा उल्लेखही नव्हता.

त्यानंतर आलेली हँड्स-फ्री प्रोफाइल मुख्यतः मोटारीसाठी लिहिली गेली. गाडी चालवणाऱ्याला फोन हातात न घेता बोलता यावं, हा तिचा हेतू होता. गाडीच्या पडद्यावर फोनची रेंज दिसावी, फोनचं चार्जिंग दिसावं, म्हणून फोनने आपल्या बॅटरीची पातळी ० ते ५ अशा अंकात कळवायची, असं तिच्यात ठरलं. गाडीच्या बाजूने हे अगदी रास्त होतं. गाडीतल्या यंत्राला गाडीची वीज मिळते, त्याचं चार्जिंग कोण विचारणार? पण हीच नियमावली कानातल्या हेडसेटलाही लागू झाली. हेडसेटला ना पडदा, ना दाखवायची जागा. तरी फोन त्याला आपले ० ते ५ सांगत राहिला, आणि ज्याची इवलीशी बॅटरी खरोखर संपत होती त्याला बोलायला शब्द नव्हता. यात कुणाचा हलगर्जीपणा होता असं मला वाटत नाही. नियमावली लिहिणाऱ्यांच्या डोळ्यांसमोर गाडी होती, कान नव्हता, एवढंच.

या संभाषणाची भाषाही उसनी आहे. अमेरिकेच्या जॉर्जिया राज्यातल्या हेज कंपनीने १९८१ मध्ये स्मार्टमोडेम आणला. टेलिफोनच्या तारेवरून संगणक जोडणाऱ्या त्या पेटीला प्रत्येक आज्ञा द्यायच्या आधी 'एटी' ही दोन अक्षरं पाठवावी लागत. अर्थ एवढाच, की 'इकडे लक्ष दे'. मोडेम गेले, पण ही भाषा मोबाइल फोनमध्ये आली आणि तिथून ब्लूटूथ हेडसेटमध्ये. आज तुम्ही बड्सवरून फोन घेता तेव्हाही हेडसेट आणि फोन यांच्यात बहुतेक वेळा याच 'एटी'ने सुरू होणाऱ्या ओळींची देवाणघेवाण होते.

मधल्या वर्षांत हेडसेट वापरणाऱ्यांनी लुकलुकत्या दिव्यांवर भागवलं. निळा म्हणजे ठीक, लाल म्हणजे कमी. पण दिवा असायचा कानाबाहेरच्या बाजूला, म्हणजे समोरच्याला दिसेल आणि घालणाऱ्याला दिसणार नाही असा. मग बीप आले, आणि नंतर 'बॅटरी लो' असं कानात सांगणारा इंग्रजी आवाज. हा आवाज अनेकांना त्रासाचा वाटतो, कारण तो नेमका महत्त्वाच्या बोलण्याच्या मध्ये येतो. पण ज्यांना डोळ्यांनी दिसत नाही त्यांच्यासाठी दिव्याचा रंग काहीच सांगत नव्हता. त्यांना सगळ्यात आधी मदत झाली ती याच आवाजाची. पुढे आकडा फोनवर आला आणि फोन तो वाचून दाखवायला लागला तेव्हा खरी सोय झाली. आकडा पडद्यावर यायला हवा होता याचं माझ्या मते हे सर्वांत मोठं कारण आहे, आणि या इतिहासात त्याचा उल्लेख क्वचितच होतो.

कोंडी फुटली ती नियमावलीबाहेरून. २००७ मध्ये पहिल्या आयफोनसोबत ॲपलने एका कानाचा छोटा ब्लूटूथ हेडसेटही आणला होता. पुढे ॲपलने हेडसेट बनवणाऱ्या इतर कंपन्यांसाठी स्वतःच्या खास 'एटी' आज्ञा ठरवून दिल्या. त्यातल्या एकीने हेडसेट आपलं चार्जिंग ० ते ९ या अंकात आयफोनला सांगू शकत होता. प्लँट्रॉनिक्सने, म्हणजे १९६९ मध्ये चंद्रावरून बोललेले शब्द ज्यांच्या हेडसेटमधून पृथ्वीवर आले त्या कंपनीने, आपली वेगळी आज्ञा काढली. ब्लूटूथ मंडळानेही हँड्स-फ्री प्रोफाइलच्या १.७ आवृत्तीत हेडसेटला स्वतःची पातळी ० ते १०० मध्ये सांगायची अधिकृत मुभा दिली, पण तोवर ॲपलची आज्ञा सगळीकडे पसरली होती. डिसेंबर २०१७ मध्ये अँड्रॉइड ८.१ आलं आणि जोडलेल्या हेडसेटचं चार्जिंग अँड्रॉइडच्या पडद्यावर थेट दिसू लागलं. त्यासाठी अँड्रॉइडने अधिकृत आज्ञेसोबत ॲपलची आणि प्लँट्रॉनिक्सची आज्ञाही समजून घ्यायला सुरुवात केली.

अनेकांना पडणाऱ्या एका प्रश्नाचं उत्तर इथेच आहे. काही बड्सचा आकडा १०० वरून थेट ९०, मग ८०, असा उड्या मारत का उतरतो? कारण ० ते ९ हे दहाच अंक. अँड्रॉइड आलेल्या अंकात एक मिळवतं आणि दहाने गुणतं. ६ आला की ७० टक्के, ५ आला की ६०. मधलं काही त्याला कळलेलंच नसतं. बॅटरी खराब झाली म्हणून असं होतं, हा समज चुकीचा आहे.

गाण्यांच्या नियंत्रणासाठी असलेल्या वेगळ्या प्रोफाइलमध्येही चार्जिंग सांगायची एक जागा होती, पण तिथे टक्के नव्हतेच. ठीक, कमी, फारच कमी, बाहेरून वीज चालू, पूर्ण, अशा पाच अवस्था होत्या, इतकंच.

दोन कानांचे दोन वेगळे आकडे फोनवर दिसायला लागले ते आधी श्रवणयंत्रांमुळे, इअरबड्सच्या लाटेच्या आधी. श्रवणयंत्रातला झिंक-एअरचा सेल आज्या-आजोबांच्या घरात अनेकांनी पाहिला असेल. मागचं रंगीत स्टिकर काढलं की हवा आत शिरते आणि सेल जागा होतो. त्याचा व्होल्टेज बहुतेक काळ एकसारखा राहतो आणि शेवटी झपकन पडतो. म्हणून श्रवणयंत्र चार बीप देऊन गप्प होतं आणि आजी बोलता बोलता 'ऐकू येईना गं' म्हणते. २०१४ मध्ये डेन्मार्कच्या जीएन रीसाउंडने लिंक्स हे आयफोनशी थेट जोडलं जाणारं श्रवणयंत्र बाजारात आणलं. त्याच्या डाव्या-उजव्या सेलची स्थिती नातवाला फोनवर पाहता येऊ लागली.

त्याच सुमारास तारेचा शेवटचा तुकडाही गेला. आपल्याकडे अनेकांनी आधी नेकबँड वापरला होता, ज्यात दोन्ही कानांना मानेवरची एकच बॅटरी वीज देते, म्हणून आकडाही एकच. २०१५-१६ मध्ये ओंक्यो, ब्रागी, सॅमसंग यांनी पूर्ण सुटे बड्स आणले, आणि ७ सप्टेंबर २०१६ ला ॲपलने एअरपॉड्स जाहीर केले. झाकण उघडताच आयफोनवर चार्जिंगचं चित्र उमटणं ही गोष्ट तिथून लोकांच्या सवयीची झाली. गूगलने २०१७ च्या अखेरीस फास्ट पेअर ही अँड्रॉइड फोनशी बड्स चटकन जोडायची सोय आणली आणि २०१९ मध्ये त्यात डावा, उजवा आणि डबी अशा तीन आकड्यांची सोय जाहीर केली. त्याची रचना मला फार आवडते. प्रत्येक आकड्यासाठी एकच बाइट, म्हणजे आठ बिट (बिट म्हणजे ० किंवा १ एवढंच सांगणारी जागा). त्यातला एक बिट सांगतो की चार्जिंग चालू आहे की नाही, उरलेले सात बिट टक्के सांगतात. सात बिटांत १२७ पर्यंत मोजता येतं, टक्के तर १०० वरच संपतात. मग १२७ या अंकाला 'माहीत नाही' असा अर्थ दिला आहे. एखादा बड हरवला असेल किंवा उत्तर देत नसेल, तर खोटा आकडा जात नाही.

डबीचा आकडा मध्येच नाहीसा का होतो, यामागेही साधी गोष्ट आहे. बहुतेक डब्यांमध्ये ब्लूटूथ नसतंच. बड डबीत बसला की खालच्या धातूच्या टोकांमधून डबी त्याला आपलं चार्जिंग सांगते, आणि तो बड ते फोनला कळवतो. दोन्ही बड कानात असतील तर डबीला बोलायला कुणी उरत नाही. म्हणून एक तरी बड आत ठेवून झाकण उघडं ठेवायचं. डबीवर जे चमकते आकडे किंवा चार ठिपके दिसतात, ते सहसा डबीचंच चार्जिंग दाखवतात. 'डबी तर ९० दाखवते, मग बड बंद कसा पडला?' या घरोघरच्या तक्रारीचं मूळ तिथे आहे.

डावा आणि उजवा सारखे का उतरत नाहीत? डोक्यात पाणी भरपूर, आणि ब्लूटूथच्या २.४ गिगाहर्ट्झच्या लहरी पाण्यात शोषल्या जातात. त्यामुळे एका कानातून दुसऱ्या कानापर्यंत आवाज पोचवणं हेच सुट्या बड्समधलं अवघड काम होतं. अनेक बड्समध्ये फोनशी एकच बड बोलतो आणि दुसऱ्याला आवाज पुढे पाठवतो. फोनवर बोलताना माइकही बऱ्याचदा त्याच बाजूचा चालतो. जो जास्त राबतो तो आधी उतरतो. आलटून पालटून ही जबाबदारी देण्याची युक्ती नंतर आली, पण थोडा फरक राहतोच.

आता प्रश्न उरतो तो आकड्याच्या खरेपणाचा. लिथियम-आयन बॅटरी पूर्ण भरल्यावर सुमारे ४.२ व्होल्ट आणि रिकामी होताना ३ व्होल्टच्या आसपास असते. पण मधला मोठा पट्टा ३.७-३.८ च्या आसपास जवळजवळ सपाट जातो. तिथे व्होल्टेजवरून टक्के सांगणं म्हणजे सपाट माळरानावर उंची मोजून अंतर ओळखण्यासारखं आहे. थंडीत व्होल्टेज पडतो, आवाज मोठा केला की पडतो, थांबलं की पुन्हा थोडा वर येतो. १५ टक्क्यांवर बंद पडलेला बड दहा मिनिटांनी पुन्हा चालू होतो तो त्यामुळेच. आत-बाहेर जाणारा प्रवाह मोजत राहणं ही जास्त भरवशाची पद्धत आहे, पण इतक्या लहान जागेत तिला मर्यादा येतात. पहिल्या एअरपॉड्समधल्या एका बडची बॅटरी फक्त ९३ मिलिवॉट-तासांची होती, त्या वर्षीच्या आयफोन ७ च्या बॅटरीच्या ८० व्या भागाएवढी. तेवढ्यात ५ तास गाणी चालत, म्हणजे १ टक्का म्हणजे ३ मिनिटं. दहा-दहाच्या उड्या मारणारा आकडा प्रत्येक उडीत अर्धा तास गिळतो. आणि दोन वर्षांनी दिसणारे १०० टक्के हे त्या दिवशी बॅटरीत जितकं मावतं त्याचे असतात, नव्या बॅटरीचे नव्हेत.

सध्या जे बदलतं आहे ते एलई ऑडिओमुळे, म्हणजे ब्लूटूथवरून कमी विजेत आवाज पाठवायच्या नव्या पद्धतीमुळे. याची बोलणी २०१४ मध्ये युरोपातल्या श्रवणयंत्र उत्पादकांची संघटना आणि ब्लूटूथ मंडळ यांच्यातल्या करारातून सुरू झाली, आणि सगळे नियम २०२२ मध्ये पूर्ण झाले. यात फोन दोन्ही कानांना वेगवेगळा आवाज पाठवतो, त्यामुळे एका बडवर दुसऱ्याचा भार पडत नाही. २०१० मधल्या ब्लूटूथ ४.० च्या पाठोपाठ कमी विजेच्या यंत्रांसाठी 'बॅटरी सर्व्हिस' नावाची एक छोटी सोय आली होती, एका बाइटमध्ये ० ते १०० सांगणारी. इतकी वर्षं माउस आणि हातातले फिटनेस बँड ती वापरत होते, हेडसेटच्या जुन्या 'एटी' भाषेत तिला जागा नव्हती. आता डावा बड आपला बाइट स्वतः फोनला देऊ शकतो, उजवा आपला. डबीला मात्र, तिच्यात स्वतःचं ब्लूटूथ नसेल तोवर, आपला निरोप आत बसलेल्या बडकडेच द्यावा लागतो.